ब्लेझ पास्कल: संभव आणि निश्चय

वादळाची सूचना देताना वेधशाळेकडून हवेच्या दाबाचा आकडा सांगण्यात येतो, आणि त्या आकड्यापुढे हेक्टोपास्कल असा एक शब्द असतो. तो शब्द आमच्या खेड्यांतील पुष्कळ बंधुभगिनींच्या कानांवरून गेला असेल. परंतु त्यात एका मनुष्याचे नाव आहे, आणि तो मनुष्य मोठा गणिती असून प्रभूचा एकनिष्ठ भक्तही होता, हे थोड्यांसच ठाऊक असेल. त्याचे आयुष्य अवघे एकुणचाळीस वर्षांचे झाले, आणि त्यांतील निम्म्याहून अधिक काळ दुखण्यात गेला. तथापि मनुष्यास कोणती गोष्ट निश्चित कळू शकते, कोणती केवळ संभवनीय म्हणून धरून चालावे लागते, आणि जेथे बुद्धी पोचत नाही तेथे त्याने काय करावे, ह्या प्रश्नांशी त्याच्याइतक्या प्रामाणिकपणे झगडलेले पुरुष फार नाहीत.

ब्लेझ पास्कल ह्याचा जन्म फ्रान्स देशातील क्लेरमाँ ह्या नगरी इ. स. १६२३ च्या जून महिन्याच्या १९ व्या तारखेस झाला. त्याचा बाप एतिएन पास्कल हा कराच्या न्यायालयात वरिष्ठ अधिकारी होता. ब्लेझ तीन वर्षांचा असता त्याची आई वारली. मागे राहिली तो, वडील बहीण झिल्बेर्त आणि धाकटी बहीण झाकलीन. बापाने दुसरे लग्न केले नाही. सन १६३१ त तो मुलांस घेऊन पॅरिस शहरी गेला व त्यांस शाळेत न घालता स्वतःच शिकवू लागला. मुलाने आधी लॅटिन व ग्रीक भाषा पक्क्या कराव्या आणि गणिताच्या नादी लागू नये, म्हणून त्याने गणिताची पुस्तके दृष्टीआड ठेविली. झिल्बेर्तने लिहून ठेविले आहे की, बारा वर्षांचा ब्लेझ एके दिवशी फरशीवर कोळशाने आकृत्या काढीत असलेला बापास आढळला, आणि त्रिकोणाचे तिन्ही कोन मिळून दोन काटकोन होतात ह्या सिद्धांतापर्यंत तो कोणाच्याही साहाय्यावाचून येऊन पोचला होता. बहिणीच्या मायेने ह्या गोष्टीस थोडाबहुत रंग चढला असेल. परंतु सन १६४० त, सोळाव्या वर्षी, त्याने शंकुच्छेदांवर छापून प्रसिद्ध केलेला निबंध आजही उपलब्ध आहे, आणि त्याविषयी शंका घेण्यास जागा नाही.

पुढे बापाची नेमणूक रूआँ शहरी कर वसुलीच्या कामावर झाली. रात्र रात्र हिशेब करीत बसलेल्या बापाचे श्रम पाहून मुलाने आकडेमोड करणारे यंत्र तयार करण्याचे मनात घेतले. त्या वेळी तो एकोणीस वर्षांचा होता. त्या काळी फ्रान्सचे नाणे असे होते की, बारा दनिएंचा एक सू आणि वीस सूंचा एक लिव्र. आमच्यांतील ज्या वृद्धांनी सन १९५७ पूर्वी रुपये, आणे, पै ह्यांच्या बेरजा केल्या आहेत, त्यांस हे काम किती कटकटीचे असेल हे सांगावयास नको. दातेरी चाके एकमेकांत गुंतवून, एक चाक पूर्ण फिरले की शेजारचे चाक एक घर पुढे सरकावे, अशी योजना त्याने केली. सुमारे पन्नास नमुने करून मोडले तेव्हा त्याचे समाधान झाले. यंत्र महाग असल्यामुळे फारसे खपले नाही.

सन १६४६ च्या हिवाळ्यात एतिएन बर्फावरून घसरून पडला व त्याच्या मांडीचे हाड दुखावले. हाड बसविण्यासाठी दोघे सज्जन बंधू त्याच्या घरी येऊन कित्येक आठवडे राहिले. हे दोघे यान्सेन नावाच्या बिशपाच्या मताचे होते. मनुष्याचे तारण त्याच्या स्वतःच्या पुण्याईने नव्हे, तर केवळ देवाच्या कृपेने होते, ही संत ऑगस्टिनची शिकवण ते धरून होते. सबंध कुटुंब त्यांच्या बोलण्याने हालले. हे मत आमच्या वाचकांस ओळखीचे वाटेल; पण पास्कल कॅल्विनाच्या अनुयायांस आपले म्हणावयास कधी तयार झाला नाही, आणि मरेपर्यंत तो रोमी मंडळीतच राहिला. जे खरे ते सांगितले पाहिजे.

त्याच सुमारास त्याच्या कानी इटलीतील टोरिचेली ह्याच्या प्रयोगाची वार्ता आली. एक बाजू बंद असलेली लांब काचनळी पाऱ्याने भरून, तोंड दाबून, पाऱ्याच्या भांड्यात उलटी उभी केली, तर पारा थोडा खाली उतरतो व वर मोकळी जागा राहते. ह्या जागेत काय आहे? पारा सगळा खाली का पडत नाही? शेकडो वर्षे विद्वान शिकवीत आले होते की, निसर्गास रिकाम्या जागेचा तिटकारा आहे, म्हणून ती कोठे संभवतच नाही. पास्कलास वाटले की, भोवतालच्या हवेचे वजन पाऱ्यास वर ढकलून धरीत असावे. तसे असेल, तर उंच डोंगरावर हवेचा थर कमी असल्यामुळे पारा तेथे अधिक खाली उतरला पाहिजे.

तो स्वतः आजारी होता. म्हणून त्याने क्लेरमाँ येथे राहणाऱ्या आपल्या मेहुण्यास, झिल्बेर्तचा नवरा फ्लोराँ पेरिए ह्यास, पत्र पाठविले. सन १६४८ च्या सप्टेंबर महिन्याच्या १९ व्या तारखेस पेरिए गावातील काही पाद्री व गृहस्थ ह्यांस बरोबर घेऊन निघाला. एक नळी त्याने खाली मठाच्या बागेत उभी करून एका साधूस दिवसभर तिजवर नजर ठेवावयास बसविले. दुसरी नळी घेऊन मंडळी प्वी द डोम नावाच्या पर्वतावर, सुमारे हजार मीटर उंच चढून गेली. माथ्यावर पारा तीन इंचांहून अधिक खाली आला. त्यांनी जागा बदलून, उघड्यावर, आडोशाला, धुक्यात असे पाच वेळा पाहिले, फरक तोच. खालच्या नळीतील पारा मात्र दिवसभर हालला नव्हता. ती दुसरी नळी खाली ठेवण्याची युक्ती मला सर्व प्रयोगात अधिक मोलाची वाटते. कारण ती नसती, तर त्या दिवशी हवामान बदलले म्हणून पारा उतरला, असे म्हणावयास कोणासही वाव राहिला असता.

ह्या वादात पास्कलाने एका जेझुइट विद्वानास एक गोष्ट स्पष्ट करून सांगितली. एखाद्या कल्पनेने सर्व घडलेल्या गोष्टींचा उलगडा होतो, एवढ्यावरून ती कल्पना सिद्ध होत नाही. कारण दुसऱ्या एखाद्या कल्पनेनेही तोच उलगडा होऊ शकेल. परंतु एकच गोष्ट तिच्या विरुद्ध घडली, तर ती खोटी ठरण्यास तेवढे पुरे आहे. म्हणजे सृष्टीविषयी आमचे ज्ञान कितीही वाढले तरी ते पुढच्या प्रयोगाच्या स्वाधीन राहते. पंचविशीही न उलटलेल्या तरुणाने हे ओळखावे, हे नवल होय.

सन १६५१ त बाप वारला. झाकलीनला पुष्कळ दिवसांपासून पोर-रॉयल येथील मठात जाऊन देवाची सेवा करावी असे वाटत होते; बापाच्या इच्छेस मान देऊन ती थांबली होती. आता ती जावयास निघाली, तेव्हा भावानेच तिला आडकाठी केली. तो दुखणाईत होता, एकटा पडणार होता, आणि तिने आपला वडिलोपार्जित वाटा मठास द्यावा हे त्यास रुचेना. सन १६५२ च्या जानेवारीत ती निघून गेली. काही काळाने त्याने तिच्या म्हणण्यास रुकार दिला; परंतु त्या दिवसांत तो चांगला वागला नाही, हे त्याच्यावर प्रेम करणाऱ्यांनीही मान्य केले आहे.

त्यानंतरची दोन-तीन वर्षे त्याने पॅरिसच्या श्रीमंत मित्रमंडळींत घालविली. त्यांत शेवालिए द मेरे नावाचा एक गृहस्थ होता. त्यास जुगाराची गणिते सोडविण्याची हौस. एका फाशाने चार वेळा टाकून एकदा तरी सहाचे दान पडेल, अशी पैज घेणारा किंचित फायद्यात राहतो; कारण घडू शकणाऱ्या १,२९६ प्रकारांपैकी ६७१ त्याच्या बाजूचे व ६२५ विरुद्ध असतात. मग दोन फाशांनी चोवीस वेळांत दोन्ही सहा एकदा तरी पडतील, ही पैजही तशीच असावी असे वाटते. सहास चार, तर छत्तिसास चोवीस. परंतु ती पैज तोट्याची आहे. हे असे का, हा एक प्रश्न. दुसरा त्याहून खोल होता, आणि त्याविषयी सन १६५४ च्या उन्हाळ्यात पास्कल व तुलूझचा न्यायाधीश फेर्मा ह्यांच्यामध्ये पत्रव्यवहार झाला.

तो प्रश्न असा. दोघे सारख्या कसबाचे खेळाडू प्रत्येकी ३२ नाणी पुढे ठेवितात. जो आधी तीन डाव जिंकील त्याने सर्व ६४ नाणी घ्यावी. एकाने दोन डाव जिंकले, दुसऱ्याने एक, आणि काही कारणाने खेळ मोडला. आता पैसे कसे वाटावे? पास्कल म्हणतो की, पुढचा डाव झाला असता तर काय झाले असते ते पाहा. पहिला जिंकता, तर ६४ ही त्याची. हरता, तर दोघे बरोबरीस येऊन त्यास ३२ मिळती. म्हणजे ३२ नाणी तर हरूनही त्याचीच आहेत. उरलेल्या ३२ विषयी दोघांचा संभव सारखा. म्हणून ती अर्धी अर्धी करावी. पहिल्याचे ४८, दुसऱ्याचे १६. फेर्माने सर्व शक्य प्रकार मोजून दुसऱ्या वाटेने हेच उत्तर काढिले.

जुगाराचे समर्थन मी करीत नाही. त्याने उद्ध्वस्त झालेली घरे मी पाहिली आहेत. परंतु येथे काय झाले ते लक्षात घ्या. जो डाव खेळलाच गेला नाही, जो कधी खेळला जाणारही नाही, त्याविषयी न्यायाने वाटणी करता आली. दैव म्हणून ज्यास लोक हात जोडीत किंवा शिव्या देत, त्यास त्रैराशिकासारखा हिशेब लागू झाला. कोण जिंकेल हे अज्ञात ते अज्ञातच राहिले. पण अज्ञानाचे माप मात्र घेता आले. विम्याचे हप्ते, नव्या औषधांची परीक्षा, पाऊस पडण्याचा अंदाज, ही सर्व पुढे ह्याच मुळापासून वाढली. ती वाढविणाऱ्यांत सन १७६१ त निवर्तलेला थॉमस बेझ नावाचा एक इंग्रज पाळकही होता, हे आमच्या पाळकवर्गाने ध्यानात ठेवण्यासारखे आहे. ह्या कामी पास्कलाने अंकांचा जो त्रिकोण वापरला, तो त्याच्या नावाने प्रसिद्ध आहे. तथापि छंदःशास्त्रावरील टीकेत दहाव्या शतकात हलायुधाने तोच मेरुप्रस्तार म्हणून सांगितला होता.

फेर्माशी पत्रव्यवहार संपून थोडेच दिवस झाले होते. सन १६५४ च्या नोव्हेंबर महिन्याच्या २३ व्या तारखेस, सोमवारी रात्री, पास्कल आपल्या खोलीत एकटा होता. त्या रात्री सुमारे दोन तास त्यास देवाच्या सान्निध्याचा असा अनुभव आला की, त्यामुळे त्याच्या आयुष्याची दिशाच बदलली. तो त्याने कोणास सांगितला नाही. नदीच्या पुलावर घोडे उधळून गाडी लटकत राहिली व ह्या अपघातामुळे त्याचे परिवर्तन झाले, अशी गोष्ट पुष्कळ पुस्तकांत आहे, आणि मीही ती एकदा उपदेशात मोठ्या आवेशाने सांगितली होती. पुढे पाहतो तो तिला भक्कम आधार नाही. पास्कलाच्या चरित्रात तरी अशी गोष्ट निश्चित म्हणून सांगू नये.

ह्यानंतर तो पोर-रॉयलच्या मंडळीशी अधिक जोडला गेला, आणि लवकरच त्या मंडळीवर संकट आले. यान्सेनच्या ग्रंथात पाच पाखंडी मते आहेत असा रोमहून निकाल झाला होता, व आर्नो नावाच्या विद्वानावर पॅरिसच्या विद्यापीठात कारवाई चालू होती. त्याच्या बचावासाठी सन १६५६ च्या जानेवारीपासून पुढल्या वर्षीच्या मार्चपर्यंत पास्कलाने टोपणनावाने अठरा पत्रे लिहिली. ती चोरून छापली जात आणि हातोहात खपत. जेझुइट संघातील कित्येक नीतिशास्त्री असे शिकवीत की, एखाद्या वजनदार पंडिताने एखादे मत सकारण मांडले की ते संभवनीय होते, आणि त्याच्या उलट मत अधिक संभवनीय असले तरी त्याप्रमाणे वागणाऱ्यास दोष नाही. म्हणजे सोयीचा पंडित शोधला की मनुष्य मोकळा. ज्याने संभवाचे वजन काट्यावर घालून दाखविले होते, त्यास तो शब्द असा ढालीप्रमाणे वापरलेला कसा सहन व्हावा? त्याने ह्या मताची अशी थट्टा उडविली की, वाचणारास हसू आवरेना. त्याने निवडलेले उतारे कधी कधी एकांगी आहेत, हा विरोधकांचा आक्षेपही अगदी खोटा नाही.

शेवटल्या पत्रात त्याने गंभीर प्रश्न घेतला. धर्मसिद्धांत काय आहे, हे मंडळीने ठरवावे. पण अमुक वाक्य अमुक पुस्तकात आहे की नाही, हे पुस्तक उघडून डोळ्यांनीच पाहिले पाहिजे. गॅलिलिओविरुद्ध रोमने फर्मान काढिले, त्याने पृथ्वी स्थिर असल्याचे सिद्ध होत नाही. ती फिरत असेल तर फर्मान काढणारेही तिजबरोबर फिरतच आहेत. हे त्या मंडळीत राहून, तिचा आज्ञांकित मुलगा म्हणवून त्याने लिहिले. त्याच वर्षी ती पत्रे रोमच्या निषिद्ध ग्रंथांच्या यादीत गेली.

ह्या वादाची किंमत त्याच्या घरास द्यावी लागली. सन १६६१ त पोर-रॉयलच्या मठवासिनींस यान्सेनच्या निषेधपत्रावर सही करण्याचा हुकूम झाला. ज्या लॅटिन ग्रंथाचे त्यांनी पानही वाचलेले नव्हते, त्यात काय आहे ह्याची साक्ष त्यांनी द्यावयाची! झाकलीनने मनाविरुद्ध सही केली, आणि चार महिन्यांच्या आत, ऑक्टोबरच्या ४ थ्या तारखेस, ती मरण पावली. ती छत्तीस वर्षांची होती. पुढे पोर-रॉयलचे पुढारी तडजोड करावयास निघाले, तेव्हा त्यांच्याशी वाद करिता करिता पास्कल मूर्च्छा येऊन पडला.

ह्या वर्षांत तो ख्रिस्ती धर्माच्या समर्थनार्थ एक मोठा ग्रंथ रचण्याच्या तयारीत होता. प्रकृतीमुळे तो पुरा झाला नाही. सुचेल ते तो कागदाच्या तुकड्यांवर लिही. पुष्कळसे तुकडे दोऱ्यात ओवून त्याने जुड्या बांधिल्या होत्या. त्याच्या मरणानंतर सन १६७० त त्यांचे पुस्तक निघाले. त्यात त्याने मनुष्यास एका बाजूस अफाट आकाश व दुसऱ्या बाजूस कल्पनेतही न मावणारे सूक्ष्म कण ह्यांच्यामध्ये उभे केले आहे. दोन्ही टोके त्याच्या आटोक्याबाहेर. त्याने असेही दाखविले आहे की, सर्वांत निश्चित म्हणविणारे भूमितिशास्त्रही आपल्या सर्व शब्दांची व्याख्या करू शकत नाही, आणि त्याचे पहिले सिद्धांत कोणी सिद्ध केलेले नसतात. ते अंतःकरणास आतूनच पटलेले असतात.

ह्याच कागदांत एक घडी घातलेला, गच्च लिहिलेला, खाडाखोड केलेला कागद आहे, आणि त्यात ती प्रसिद्ध पैज आहे. देव आहे की नाही, हे केवळ तर्काने ठरत नाही असे तो प्रथमच कबूल करतो. मग ठरवूच नये, असे कोणी म्हणेल. पण तसे करता येत नाही. आम्ही जन्मास आलो तेव्हाच खेळास बसलो आहो, आणि न निवडणे हीही एक निवडच आहे. लावावयाचे आहे ते थोड्या वर्षांचे आयुष्य. मिळावयाचे आहे ते अनंत. जिंकण्याचा संभव कितीही थोडा धरला, तरी अनंताने गुणिल्यावर तो पुरून उरतो. मनुष्य समुद्रप्रवासास निघतो, लढाईस जातो, तो काय निश्चित जाणून? आमचा शेतकरीही पाऊस येईल असे लिहून घेऊन पेरीत नाही.

सेमिनरीत असता मला ह्या युक्तिवादाने मोठे बळ दिले होते. आता इतक्या वर्षांच्या सेवेनंतर त्यातील उणीव मला दिसते. हीच पैज एखादा मुसलमान मौलवी किंवा दुसऱ्या धर्माचा मनुष्यही आपल्या बाजूने मांडू शकेल. त्यास पास्कलाच्या आकडेमोडीत उत्तर नाही. शिवाय नफ्यासाठी ठेविलेला विश्वास म्हणजे विश्वासच नव्हे. पण मला वाटते, हे लिहिणाऱ्यासही कळत होते. तो कागद शंकेखोराच्या कानास धरून त्यास उंबऱ्यापर्यंत आणण्यासाठी आहे. आत नेण्यासाठी नाही. पैज मान्य करूनही विश्वास बसत नाही असे त्या मनुष्याने म्हटले, तेव्हा पास्कल त्यास आणखी पुरावे देत नाही. तो त्यास सांगतो की, अडथळा बुद्धीचा नसून वासनांचा आहे, आणि विश्वासणारे जसे वागतात तसे वागावयास लाग. आणि त्याच कागदावर, हे लिहिणारा त्याआधी व त्यानंतर गुडघे टेकून देवास विनवीत होता, असेही त्याने लिहून ठेविले आहे.

शेवटल्या वर्षी त्याने मित्रांबरोबर पॅरिस शहरात पाच सू भाड्याच्या गाड्या सुरू केल्या. ठरलेल्या वाटेने, ठरलेल्या वेळी, उतारू असोत नसोत, त्या सुटत. शहरातील आजच्या बसगाड्यांची ती आजी म्हणावी. सन १६६२ च्या मार्चमध्ये पहिली गाडी सुटली. ब्लवा प्रांतात त्या हिवाळ्यात दुष्काळ पडला होता, म्हणून आपल्या भागाच्या नफ्यापोटी हजार फ्रँक आगाऊ घेऊन तेथील गरिबांस पाठविण्याची खटपट त्याने केली होती.

घरात त्याने एक गरीब कुटुंब ठेवून घेतले होते. त्यांच्या मुलास देवी आल्या. आपल्या शुश्रूषेस येणाऱ्या झिल्बेर्तकडून तिच्या मुलांस संसर्ग होईल, आणि आजारी पोरास बाहेर काढणे तर योग्य नव्हे, म्हणून पास्कल स्वतःच घर सोडून बहिणीकडे गेला. तेथून तो पुन्हा परतला नाही. जी शुश्रूषा मला मिळते तीच एखाद्या गरीब रोग्यास ह्याच घरात मिळावी, असा त्याने आग्रह धरिला. तसा रोगी आणता आला नाही, तेव्हा मला असाध्य रोग्यांच्या इस्पितळात न्या म्हणाला. वैद्यांनी नेऊ दिले नाही. सन १६६२ च्या ऑगस्ट महिन्याच्या १९ व्या तारखेस, मध्यरात्र उलटल्यावर एकच्या सुमारास, त्याने प्राण सोडिला.

काही दिवसांनी त्याचे कपडे आवरीत असता एका नोकराच्या हातास डगल्याच्या अस्तराखाली काही जाड लागले. शिवण उसविली, तेव्हा एक चर्मपत्र व त्याच्या आत एक कागद निघाला. दोहोंवर तोच मजकूर होता: त्या नोव्हेंबरच्या रात्रीचा. आठ वर्षे, डगला बदलला की तो स्वतः अस्तर उसवून हे नव्या डगल्यात शिवीत आला होता. चर्मपत्र पुढे हरवले. कागद पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. त्यावर वर्ष, महिना, वार लिहून, वेळ साडेदहाच्या सुमारापासून साडेबाराच्या सुमारापर्यंत अशी मांडली आहे. आणि खाली तुटक तुटक शब्दांत निश्चितता हा शब्द लागोपाठ दोनदा लिहिला आहे.